थकलेले देणे आणि न्यायालयाचा अवमान

देणे थकवले म्हणून एखाद्याला तुरुंगात टाकता येते का? व्यापारी कायद्याचा अभ्यास करताना हा प्रश्न मला पडला. वर्तमानपत्रांत 'थकबाकी न दिल्याने न्यायालयाचा अवमान' असे मथळे येतात आणि गोंधळ वाढतो. तो दूर करण्याचा हा अल्पसा प्रयत्न.

प्रथम शब्दाचा अर्थ पाहू. मराठीत आपण 'अवमान' म्हणतो, कन्नडात 'न्यायांग निंदने' म्हणतात. दोन्ही शब्द ऐकून वाटते, की कोणीतरी न्यायाधीशांना अपशब्द बोलले असावे. परंतु १९७१ च्या कायद्यात अवमानाचे दोन प्रकार आहेत. न्यायालयाची बदनामी करणे किंवा न्यायदानात अडथळा आणणे हा फौजदारी अवमान. न्यायालयाचा आदेश किंवा न्यायालयाला दिलेली हमी हेतुपुरस्सर मोडणे हा दिवाणी अवमान. थकबाकीचा संबंध येतो तो या दुसऱ्या प्रकाराशी. त्यासाठी जास्तीत जास्त ६ महिन्यांची कैद होऊ शकते.

समजा, एका व्यापाऱ्याने उधारीवर माल उचलला आणि पैसे दिले नाहीत. हे झाले नुसते देणे. यात अवमान नाही. धनकोने दावा लावला, हुकूमनामा मिळवला, तरी पैसे आले नाहीत, तर त्याने दरखास्त दाखल करावी आणि जप्ती व लिलाव करून वसुली करावी, हा सरळ मार्ग. दिवाणी प्रक्रिया संहितेत ऋणकोच्या कैदेची तरतूद आहे खरी. पण १९८० साली जॉली जॉर्ज वर्गीस विरुद्ध बँक ऑफ कोचीन या खटल्यात न्या. कृष्ण अय्यर यांनी तिची मर्यादा स्पष्ट केली. केवळ पैसे नाहीत म्हणून माणसाला कोंडता येत नाही. ऐपत असूनही तो अप्रामाणिकपणे देणे टाळत असला पाहिजे.

मग अवमान केव्हा होतो? याचे उत्तम उदाहरण म्हणजे एरिक्सन कंपनीचा खटला. या कंपनीचे रिलायन्स कम्युनिकेशन्स समूहाकडे १५०० कोटी रुपयांहून अधिक येणे होते. तडजोड ५५० कोटींवर झाली. ही रक्कम १२० दिवसांत देऊ, असे अपील न्यायाधिकरणापुढे ठरले आणि सर्वोच्च न्यायालयात तशा हमी दिल्या गेल्या. ३० सप्टेंबर २०१८ ही मुदत टळली. १५ डिसेंबरपर्यंत वाढवून दिलेली मुदतही टळली. मालमत्ता विकली गेली नाही, म्हणून पैसे आले नाहीत, असा बचाव झाला. न्यायालयाने तो मानला नाही, माफीही स्वीकारली नाही. २० फेब्रुवारी २०१९ रोजी अध्यक्ष अनिल अंबानी व अन्य दोघे दोषी ठरले. ४ आठवड्यांत आणखी ४५३ कोटी भरा, नाहीतर ३ महिने कैद, असा आदेश झाला. मुदत संपण्याच्या आदल्या दिवशी पैसे भरले गेले.

येथे शिक्षेचे कारण कर्ज नव्हते, तर न्यायालयाला दिलेला शब्द होता. त्या शब्दावर विसंबूनच धनको थांबला होता.

हा विषय केवळ कोट्यधीशांचा नाही. निवृत्त शिक्षकाची वेतनाची थकबाकी अमुक मुदतीत द्या, असा उच्च न्यायालयाने आदेश दिला आणि अधिकारी फाईल दाबून बसला, तर त्या शिक्षकालाही अवमान अर्ज करता येतो. आपल्या भागातील लोकांसाठी त्याकरिता धारवाडचे खंडपीठ आहे. मात्र अवमान घडल्यापासून १ वर्षाच्या आत हालचाल केली पाहिजे. शिवाय अवमान अर्ज हा दरखास्तीला पर्याय नव्हे, असे न्यायालयांनी वारंवार बजावले आहे.

उद्या आपल्यापैकी कित्येकजण हिशेबनीस किंवा कंपनी सचिव होतील. मालकाच्या वतीने 'अमुक तारखेपर्यंत इतके रुपये भरतो' असे हमीपत्र तयार करण्याचे काम आपल्याकडे येईल. त्या वेळी कागद न्यायालयात जाण्यापूर्वी खतावणीतली शिल्लक पाहावी, आणि पैसे येण्याची खात्री नसेल तर तसे मालकाला स्पष्ट सांगावे.