जुळत्या वळणाचा टाइप

एका टाइपाच्या जागी दुसरा, पण वाचकाच्या नजरेला तोच वाटावा असा टाइप शोधण्याची वेळ मुद्रणात वारंवार येते. जुन्या पुस्तकाची नवी आवृत्ती निघते, तेव्हा मूळ खिळे केव्हाच वितळवलेले असतात. एखाद्या संस्थेच्या बोधचिन्हाचा फॉन्ट महागडा असतो आणि त्याच वळणात संकेतस्थळ, पत्रके, फलक असे सगळे करून हवे असते. कधी इंग्रजी मजकूर ठरलेला असतो आणि त्याच्या शेजारी शोभेल असे मराठी अक्षर लागते. या तिन्ही कामांत ‘सारखा’ या शब्दाचा अर्थ वेगळा आहे. शोध सुरू करण्यापूर्वी तो अर्थ नक्की केला नाही, तर शेकडो फॉन्ट चाळूनही हाती काही लागत नाही.

सारखेपणाचे तीन थर असतात. पहिला सांगाड्याचा: अक्षराची मूळ रेघ कुठून निघते, कशी वळते, कुठे संपते. दुसरा पोताचा: छापलेला परिच्छेद डोळे किलकिले करून पाहिला की तो किती काळा, किती घट्ट, किती एकसंध दिसतो. तिसरा मापाचा: तोच मजकूर तेवढ्याच ओळींत आणि तेवढ्याच पानांत बसतो का. रोमन लिपीतले एरियल आणि हेल्व्हेटिका हे या तिसऱ्या थराचे सर्वांत परिचित उदाहरण. हेल्व्हेटिका १९५७ चा, स्वित्झर्लंडमधला. एरियल १९८२ मध्ये मोनोटाइपच्या रॉबिन निकोलस आणि पॅट्रिशिया सॉन्डर्स यांनी रेखाटला. दोन्हींत प्रत्येक अक्षराची रुंदी तंतोतंत सारखी ठेवलेली आहे, त्यामुळे एक काढून दुसरा घातला तरी एकही ओळ इकडची तिकडे होत नाही. पुढे रेड हॅटने २००७ मध्ये लिबरेशन हे फॉन्ट याच तत्त्वावर मुक्त परवान्याखाली दिले. पण रुंदी सारखी म्हणजे वळण सारखे नव्हे. हेल्व्हेटिकाच्या रेघांची टोके आडवी किंवा उभी छाटलेली, एरियलची तिरकी. मोठ्या अक्षरांतल्या फलकावर हा फरक जाणकाराला लगेच दिसतो. पत्रव्यवहाराच्या कागदावर मात्र तो कुणाच्या लक्षातही येत नाही. म्हणून कोणता थर महत्त्वाचा हे कामावरून ठरते: पुस्तकाला पोत, बोधचिन्हाला सांगाडा, तयार दस्तऐवजाला माप.

देवनागरीत पाहण्याच्या जागा वेगळ्या आहेत. सर्वांत आधी शिरोरेषा आणि काना यांचे नाते पाहावे. काही टाइपांत शिरोरेषा कान्याएवढीच जाड असते, काहींत बरीच बारीक. पानाचा आडवा ताण या एका गोष्टीवर ठरतो. त्यानंतर कान्याची उंची. फॉन्ट बारा पॉइंटांचा आहे एवढ्यावरून देवनागरी अक्षर किती मोठे दिसेल ते कळत नाही. वर मात्रा, वेलांटी, रफार आणि अनुस्वार, खाली उकार आणि पायमोडकी जोडाक्षरे, एवढ्या सगळ्याला त्या बारा पॉइंटांत जागा द्यावी लागते. ती किती द्यायची हे प्रत्येक रचनाकार आपल्या मताने ठरवतो. त्यामुळे दोन टाइपांची तुलना करताना पॉइंट सारखे ठेवण्यात अर्थ नाही. दोन्हींच्या कान्याची उंची सारखी होईपर्यंत आकार बदलावा आणि मगच शेजारी ठेवून पाहावे. अनेक चुकीच्या निवडी ही एवढी खबरदारी न घेतल्यामुळे होतात.

यानंतर रेघेचा स्वभाव. बोरूचा काप रोमन टाकाच्या कापाच्या उलट दिशेला असतो. म्हणून पारंपरिक देवनागरी अक्षरात जाड आणि बारीक भाग रोमनच्या मानाने उलट जागी येतात. ‘व’ किंवा ‘ब’ची पोकळी पाहिली की टाइप बोरूच्या वळणाचा आहे, एकसारख्या जाडीच्या रेघेचा आहे, की रोमनचा ताण उसना घेऊन रेखाटलेला आहे, हे लगेच ओळखू येते. मग काही मोजकी अक्षरे पारखावीत: ‘अ’चा डावा भाग, ‘क’ची दोन्ही पोटे, ‘भ’ आणि ‘म’ची गाठ, ‘र’चा तिरका पाय, ‘ह’ची शेपटी, ‘ज’ आणि ‘झ’ची जोडणी, ‘क्ष’ आणि ‘ज्ञ’ची घडण. टाइपाची जात या अक्षरांत उघड होते. ‘न’, ‘त’, ‘ग’ बहुतेक टाइपांत एकमेकांसारखेच असतात. त्यांच्यावरून निर्णय घेतला तर फसगत होते. अक्षराच्या अवयवांचा असा पद्धतशीर विचार देवनागरीसाठी आधीपासून झालेला आहे. बापूराव नाईक यांचा ‘टायपोग्राफी ऑफ देवनागरी’ हा तीन खंडांचा ग्रंथ १९७१ मध्ये महाराष्ट्राच्या भाषा संचालनालयाने प्रसिद्ध केला. अलीकडे गिरीश दळवी यांनी देवनागरी टाइपाच्या शरीररचनेची परिभाषा मांडली आहे. मांडणीकाराने ही परिभाषा आत्मसात केली, तर ‘थोडे असे गोल, थोडे जुने’ अशा मोघम वर्णनातून सुटका होते.

मराठीसाठी एक चाळणी सर्वांच्या आधी लावावी लागते. मराठीतला ‘ल’ पाकळ्यांचा आणि ‘श’ देठाचा. हिंदीत दंडाचा ‘ल’ आणि गाठीचा ‘श’ चालतो. अंकांमध्येही ५, ८, ९ यांची उत्तरेकडील जुनी रूपे वेगळी आहेत. युनिकोडमध्ये ‘ल’ला एकच क्रमांक आहे. कोणते रूप दिसायचे हे फॉन्टवर, आणि ओपनटाइप फॉन्टात सोय असेल तर मजकुराची भाषा मराठी म्हणून नोंदवली आहे का यावर अवलंबून असते. वळणाने अगदी जुळणारा फॉन्ट ‘ल’ हिंदीचा दाखवू लागला, तर आधी सॉफ्टवेअरमधील भाषा बदलून पाहावी आणि मगच त्याला बाद करावे. तरीही रूप बदलले नाही, तर मराठी पुस्तकासाठी तो टाइप घेऊ नये. पानभर ‘ल’ आणि ‘श’ अनोळखी दिसले की बाकीचे साम्य वाया जाते. याच वेळी ‘दऱ्याखोऱ्या’, ‘वऱ्हाड’, ‘ॲसिड’, ‘ऑगस्ट’, ‘कृष्ण’, ‘उद्ध्वस्त’, ‘सर्वांनी’ हे शब्द टाइप करून पाहावेत. अर्धा ऱ आणि ॲ या दोन जागी मराठीचा विचार न केलेले फॉन्ट हमखास अडखळतात.

जुन्या मराठी पुस्तकांच्या संदर्भात ‘निर्णयसागरी’ वळण शोधले जाते. जावजी दादाजींनी १८६९ मध्ये मुंबईत निर्णयसागर छापखाना काढला. राणोजी रावजी आरू यांनी कोरलेल्या त्यांच्या टाइपाने मराठी आणि संस्कृत छपाईचा चेहरा अनेक दशकांसाठी घडवला. ठसठशीत काना, भरदार गोलाई, मोकळी पोकळी आणि जोडाक्षरांची शिस्त ही त्याची ओळख. अशा पुस्तकाचे पान हाती आले की आधी ते मोठ्या रिझोल्यूशनने स्कॅन करावे. कान्याची उंची १०० धरून कान्याची जाडी, शिरोरेषेची जाडी, ‘क’ आणि ‘म’ची रुंदी किती भरते ते मोजून लिहावे. पूर्ण ओळीत किती अक्षरे बसतात आणि दोन शिरोरेषांमध्ये किती अंतर आहे तेही नोंदवावे. हे अर्ध्या तासाचे काम पुढचा सारा शोध सोपा करते, कारण उमेदवार टाइपावरही हीच मोजमापे करून आकडे शेजारी ठेवता येतात.

येथे एक फसवी जागा आहे. खिळ्यांच्या छपाईत शाई दाबाखाली कडेने पसरते, म्हणून छापलेले अक्षर मूळ खिळ्यापेक्षा जाड दिसते. संगणकावरचा फॉन्ट ऑफसेटवर त्या मानाने बारीक आणि कोरडा उतरतो. सांगाडा जुळत असूनही पान फिके वाटले, तर त्याच कुटुंबातले एक पायरी जाड वजन घ्यावे, कागद थोडा पिवळसर आणि कमी चकचकीत निवडावा. मूळ पानाची ऊब या दोन गोष्टींनी बरीचशी परत येते. टाइप बदलत बसण्यापेक्षा हा उपाय खात्रीचा आहे.

अशा कामासाठी आज पर्याय आहेत. टायरो देवनागरी मराठी हा फॉन्ट मुळात ‘मूर्ती क्लासिकल लायब्ररी’ या ग्रंथमालेसाठी झालेल्या कामातून निघाला आणि त्यात मराठी रूपांची स्वतंत्र काळजी घेतलेली आहे. राज्य मराठी विकास संस्थेचा यशोमुद्रा आणि त्याच्या आधारावर आयआयटी मुंबईने संस्कृत ग्रंथांसाठी विकसित केलेला शोभिका हे दोन्ही पुस्तकी वळणाचे आणि मुक्त परवान्याचे. वळणाने ॲडोबी देवनागरी हाही याच घराण्यातला. वैभव सिंह यांचा एक्झार मात्र मुद्दाम टोकदार ठेवलेला आहे. तो सुंदर आहे, पण निर्णयसागरी पानाच्या जागी घातला तर पानाचा सूरच बदलतो. विंडोज २००० पासून घरोघरी पोचलेला मंगल र. कृ. जोशींनी पडद्यावर नीट वाचता यावे म्हणून घडवला. त्या कामात तो चोख होता, पण पुस्तकाच्या पानासाठी ‘जवळचा पर्याय’ म्हणून त्याच्याकडे धाव घेणे चुकीचे आहे.

रंगवलेल्या पाट्यांची गोष्ट निराळी. मुंबईच्या लोकल स्थानकांवरील हाताने रंगवलेल्या अक्षरांवरून यात्रा वन हा फॉन्ट घडला आहे. मुंबईच्या एक टाइप या समूहाचा मोदक गुटगुटीत अक्षरांचा, तर जैनी हा जैन कल्पसूत्राच्या हस्तलिखितावर बेतलेला. मुखपृष्ठासाठी जुन्या पाटीची किंवा पोथीची आठवण हवी असेल, तर शोध येथून सुरू करावा. पण पाटीवरचे नेमके तेच अक्षर हवे असेल, तर फॉन्ट शोधण्यापेक्षा सुलेखनकाराकडून पाच-सात अक्षरे रेखाटून घेणे स्वस्तही पडते आणि जास्त प्रामाणिकही ठरते.

रोमनच्या शेजारी देवनागरी बसवताना आकार जुळवण्याचा मोह टाळावा. रोमन ‘ओ’ गोल आहे म्हणून ‘व’ कंपासने काढल्यासारखा गोल असावा, असे नाही. जुळायला हवी ती रेघेची जाडी, पोकळीचा मोकळेपणा आणि ओळीचा काळेपणा. हे काम काही रचनाकारांनी आधीच करून ठेवले आहे. यंत्रमानव हा फॉन्ट रोबोटोच्या जोडीसाठी रेखाटला गेला, खुला ओपन सॅन्सच्या, आणि पॉपिन्समध्ये भूमितीय रोमन व देवनागरी एकाच फॉन्टात आहेत. एक टाइपचा मुक्ता सात वजनांत मिळतो. त्याच समूहाने २०२२ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अनेक या दहा लिप्यांच्या फॉन्टात जाडी आणि रुंदी दोन्ही हव्या तितक्या कमी-जास्त करता येतात. मूळ टाइप नेहमीच्या आणि जाड वजनाच्या अधेमध्ये कुठेतरी असेल, तर असा बदलता फॉन्ट फार उपयोगी पडतो.

यंत्राच्या मदतीचा इतिहासही बघण्यासारखा आहे. १९८० च्या दशकात पॅनोज ही पद्धत आली. टाइपाची सेरिफ, वजन, प्रमाण, रेघेतला फरक अशी दहा वैशिष्ट्ये दहा आकड्यांत लिहायची आणि आकडे जवळचे ते टाइप जवळचे मानायचे. नंतर आयडेंटिफॉन्टसारख्या सेवा प्रश्न विचारून टाइप ओळखू लागल्या, व्हॉट द फॉन्ट चित्रावरून ओळखू लागली. २०१५ मध्ये ॲडोबीच्या संशोधकांनी डीपफॉन्ट ही न्यूरल नेटवर्कवर चालणारी रीत मांडली. यात शब्दाच्या चित्राचे आकड्यांच्या लांबलचक मालिकेत रूपांतर होते आणि दोन मालिकांमधले अंतर मोजून साम्य ठरते. ही साधने रोमनवर घडलेली आहेत. देवनागरी फॉन्टातले पॅनोजचे आकडेही बहुधा त्याच्या रोमन भागाचे वर्णन करतात. शिवाय शिरोरेषेमुळे सारा शब्द एकसंध दिसतो, त्यामुळे यंत्राला अक्षरे सुटी करणे जड जाते. आधी शिरोरेषा पुसून मग अक्षरे वेगळी करण्याची युक्ती देवनागरी वाचणाऱ्या सॉफ्टवेअरमध्ये वापरली जाते. यादी वीस-पंचवीस नावांवर आणण्यासाठी यंत्र वापरावे. त्यातून एक निवडण्याचे काम डोळ्यांचेच आहे.

जुना मजकूर श्रीलिपी किंवा आयएसएमसारख्या युनिकोडपूर्व प्रणालीत असेल, तर काम उलट्या क्रमाने करावे लागते. त्या फॉन्टांत देवनागरी अक्षरांचे तुकडे रोमन अक्षरांच्या जागी ठेवलेले असत. नुसता फॉन्ट बदलला की पानावर निरर्थक रोमन चिन्हे उमटतात. आधी मजकूर युनिकोडमध्ये रूपांतरित करावा, रफार, पहिली वेलांटी आणि अर्धा ऱ यांचे प्रूफ काळजीपूर्वक तपासावे, आणि मगच नव्या टाइपाकडे वळावे.

शेवटच्या दोन-तीन उमेदवारांची परीक्षा पडद्यावर घेऊ नये. प्रत्यक्ष मजकुराचे एक पूर्ण पान, ठरलेल्या कागदावर, ठरलेल्या आकारात छापून मूळ पानाशेजारी ठेवावे. आधी हातभर अंतरावरून पोत पाहावा, मग भिंग घेऊन अक्षरे पाहावीत. सोबत परवाना वाचावा. मुक्त परवान्याचे फॉन्ट छापील आणि डिजिटल दोन्ही कामांना वापरता येतात, पण ‘फुकट उतरवता येतो’ म्हणजे ‘मुक्त आहे’ असे नसते. व्यावसायिक वापराला मनाई असलेला फॉन्ट मुखपृष्ठावर घालणे हा रचनाकाराच्या मेहनतीवर अन्याय आहे.

हा सारा खटाटोप पुढच्या माणसाला करावा लागू नये, यासाठी प्रकाशकांनी एक करावे. पुस्तकाच्या श्रेयपृष्ठावर मुद्रक, मुखपृष्ठकार आणि मुद्रितशोधक यांच्या नावांबरोबर टाइपाचे नाव, त्याचा रचनाकार आणि वापरलेला आकार छापावा. एका ओळीचे हे काम आहे.