मृगाआधी घर झाकताना

‘घर पाहावे बांधून’ ही म्हण ज्या कोणी काढली तो बहुधा कोकणातला असावा, आणि छप्पर पुरे होण्याआधीच त्याला पावसाने गाठले असावे. पेण-रोह्याकडे घर बांधणाऱ्याला पैशाची चिंता असते ती असतेच. पण तिच्याबरोबर पंचांगाचीही असते. भातकापणी उरकली, दिवाळी झाली, की पाया खणायचा आणि मृग लागायच्या आत घर डोक्यावरून व चारी बाजूंनी झाकून घ्यायचे. हातात सहा-साडेसहा महिने. फरशी, आतला रंग, स्वयंपाकघरातला ओटा ही कामे पावसाळाभर सावकाश करता येतात. सांगाडा, बाहेरच्या भिंती आणि छप्पर यांना ती सवलत नाही. या तीन गोष्टींत घरमालकाने काय पाहावे, तेवढेच मी इथे सांगणार आहे.

‘घरमालकाने’ हा शब्द मुद्दाम वापरला. नकाशा आणि सळयांचा हिशेब जाणत्या इंजिनिअरकडूनच करून घ्यावा, त्यात काटकसर नको. पण इंजिनिअर आठवड्यातून एकदोनदा येणार. बाकीचे दिवस काम गवंडी, सेंट्रिंगवाले आणि सुतार यांच्या हाती. ही माणसे कसबी असतात. मात्र त्यांना पुढच्या कामाची घाई असते. तिथे रोज संध्याकाळी एक चक्कर मारणारा मालक फार उपयोगी पडतो.

पहिली गोष्ट, दिवस उलटे मोजावेत. आपण पायापासून पुढे मोजतो आणि शेवटी अडकतो. शेवटापासून मागे यावे. मृग 7-8 जूनला लागतो हे खरे, पण हल्ली त्यावर भिस्त ठेवून चालत नाही. 2025 साली मुंबईत मोसमी पाऊस 26 मे रोजीच येऊन थडकला. तेव्हा 15 मे ही आपली अखेरची तारीख धरावी. बाहेरच्या गिलाव्याला, आणि तो निदान आठवडाभर भिजवण्याला मिळून महिना लागतो, म्हणून एप्रिलच्या मध्यास भिंती पुऱ्या हव्यात. स्लॅबचे घर असेल तर टेकू निघेपर्यंत खाली मोकळेपणी काम करता येत नाही; म्हणून स्लॅब मार्चच्या मध्यापर्यंत पडला पाहिजे. मग खांब फेब्रुवारीत, जोते जानेवारीत. यात शिमग्याचे दिवस वजा करायला विसरू नका. त्या आठवड्यात कामावर कोणी सापडत नाही, आणि सापडावे अशी अपेक्षाही करू नये!

विटांचेही तसेच. पेणच्या आसपासच्या भट्ट्या दिवाळीनंतर पेटतात. कातकरी कुटुंबे हंगामभर तिथेच राहून राबतात, आणि पाऊस आला की सारे थांबते. मे महिन्यात वीट शोधायला निघाल तर उरलासुरला कच्चा माल चढ्या भावाने पदरी पडेल. लागणारी वीट फेब्रुवारीतच आणून रचून ठेवावी. दोन विटा एकमेकींवर आपटून पाहाव्यात. खणखणीत वाजली ती भाजलेली.

आता सांगाडा. पूर्वी सागाचे, ऐनाचे खांब असत; त्यांवर तुळया आणि मग वासे. आता बहुतेक ठिकाणी खांब लोखंडी सळई आणि काँक्रीटचे. वरून पाहिले तर सगळे खांब सारखेच दिसतात. खरे काम आत झाकलेले असते, म्हणून काँक्रीट ओतण्यापूर्वीच ते पाहायचे. उभ्या सळयांभोवतीच्या रिंगांची टोके नुसती काटकोनात दुमडलेली नसावीत. ती आत, खांबाच्या गाभ्याकडे वळवलेली हवीत. जमीन हादरली तर काटकोनी टोक उघडते आणि रिंग सुटते. 11 डिसेंबर 1967 चा कोयनेचा भूकंप आठवणारी माणसे अजून गावोगाव आहेत, त्यांना हे पटवावे लागत नाही. दुसरे, सळई फळ्यांना चिकटलेली नसावी. खांबात सळईबाहेर 40 मिलिमीटर आणि स्लॅबमध्ये खालून 20 मिलिमीटर तरी काँक्रीट राहावे. त्यासाठी सिमेंटचे लहान ठोकळे मिळतात. दगडाच्या खपल्या सरकवून वेळ मारून नेलेली दिसली, तर काम थांबवायला संकोच करू नये. आणि मोबाइलवर फोटो काढून ठेवावा. पुढे वाद निघाला तर तोच साक्षीदार.

पाण्याचा प्रश्न आपल्याकडे वेगळाच आहे, म्हणून त्यावर थोडे अधिक. पेणच्या पश्चिमेला वाशी, वढाव, शिर्की हा सारा खारेपाट. उन्हाळ्यात प्यायला पाणी मिळण्याची तिथे मारामार. अशा वेळी बांधकामाला गोडे पाणी मागणे म्हणजे चैन वाटते, आणि मग विहिरीचे मचूळ पाणी किंवा खाडीची वाळू वापरण्याचा मोह होतो. सिमेंट त्यातही घट्ट होते, भिंत उभी राहते, काही वर्षे कुणाला काही कळतही नाही. पण मीठ आतल्या सळईला सोडत नाही. सळई गंजते, गंजली की फुगते, आणि फुगली की काँक्रीट आतून फोडते. स्लॅबखाली लांबट तडे आणि तांबूस डाग दिसू लागतात, आणि एके दिवशी पोपडा खाली पडतो. सळईच्या काँक्रीटसाठी एका लिटर पाण्यात क्लोराइड 500 मिलिग्रॅमपेक्षा अधिक नसावे, असे आपल्या देशाचे बांधकामाचे मानक सांगते. जिभेला खारट लागणारे पाणी तर वापरूच नये. पण जिभेच्या परीक्षेवर संपूर्ण विसंबूही नये, पाणी तपासून घ्यावे. टँकरचा खर्च जड वाटतो हे मला ठाऊक आहे. खांब आणि स्लॅब यांच्यापुरते तरी गोडे पाणी राखून ठेवावे. निदान तिथे तडजोड नको.

पाणी किती घालायचे हेही महत्त्वाचे. काँक्रीट पातळ असले की सहज पसरते, म्हणून मजूर बादली ओततो. 50 किलोच्या पोत्याला साधारण 25 लिटर, तेही वाळूतली ओल धरून, हे माप पुष्कळ झाले. जास्तीचे पाणी पुढे वाळून जाते आणि मागे बारीक पोकळ्या ठेवते. उलट काँक्रीट आवळल्यावर मात्र पाण्याचा हात आखडू नये. आपल्याकडे मिळणारे सिमेंट बहुधा राखमिश्रित असते. त्याला दहा दिवस तरी सतत ओल हवी. टेकू काढण्याची घाई तर कधीच करू नये. साध्या सिमेंटच्या लहान स्लॅबला 7 दिवस, तुळयांना 14 दिवस ही कमीत कमी मुदत आहे; राखमिश्रित सिमेंटला त्याहून जास्त, आणि ती इंजिनिअरने सांगितल्यावरच.

भिंती चढताना शिक्षक मंडळींना एक सुचवावेसे वाटते. गावात घराची आखणी चालली असेल तर सातवी-आठवीची मुले तिथे न्यावीत. कोपऱ्यापासून एका सुतावर 6 फूट, दुसऱ्यावर 8 फूट मोजायचे; तिरपे अंतर 10 फूट भरले तर कोपरा काटकोनात. पायथागोरसचा सिद्धांत फळ्यावर वर्षभर शिकवून जो गळी उतरत नाही, तो इथे पाच मिनिटांत उतरतो. पारदर्शक नळीत पाणी भरून दोन टोकांची पातळी कशी जुळवतात, ओळंबा कशासाठी, हेही गवंडी हौसेने दाखवतात.

विटा आधी भिजवलेल्या हव्यात, नाहीतर त्या मसाल्यातले पाणी ओढून घेतात. एका दिवसात दीड मीटरपेक्षा जास्त उंची चढवू नये. आणि खांब नसलेले, नुसत्या भिंतींवर उभे राहणारे घर असेल, तर दारे-खिडक्यांच्या डोक्यावरून काँक्रीटचा पट्टा घरभर अखंड फिरवावा. प्रत्येक खिडकीवर तुकडा टाकून खर्च वाचतो खरा; पण पेटीला पट्टी आवळावी तसा हा पट्टा चारी भिंती एकत्र धरतो.

आता छपराकडे येऊ. बासेल मिशनने मंगळुरास कौलांचा कारखाना काढला तो 1865 साली. पुढे ही कौले साऱ्या किनाऱ्यावर पसरली आणि नळीची कौले मागे पडली. मंगळुरी कौल थंड, देखणे, आणि फुटले तर एकटेच बदलता येते. पण ते आपल्या वजनावर बसलेले असते. 3 जून 2020 रोजी, मृगही लागला नव्हता तेव्हा, ‘निसर्ग’ चक्रीवादळ श्रीवर्धन-दिवेआगरच्या बाजूने आत शिरले. वारा ताशी 110 ते 120 किलोमीटर. कौले पानांसारखी उडाली, पत्रे नारळी-पोफळीत अडकले. आमच्याही घराची पडवी गेली. सुताराने सांगितले होते, की भिंतीत लोखंडी पट्ट्या गाडून वासे त्यांना आवळू या. मी म्हटले, एवढे वजनदार छप्पर, ते कुठे जाते! पैसे वाचवले ते माझे मीच.

वारा छप्पर दाबतो असा आपला समज असतो. खरे म्हणजे तो छप्पर उचलतो. छपरावरून वेगाने जाणारी हवा वरचा दाब कमी करते, आणि उघड्या पडवीत घुसलेली हवा खालून रेटते. म्हणून पडवी आधी जाते, आणि कडा व कोपरे आधी उचकटतात. तेव्हा साखळी तुटू देऊ नये: कौल किंवा पत्रा रिपेला, रीप वाशाला, वासा भिंतीच्या डोक्यावरच्या लाकडाला, आणि ते लाकूड खाली भिंतीत गाडलेल्या सळईला बांधलेले असावे. एक दुवा सैल राहिला की बाकीच्यांचा उपयोग नाही. वळचणीच्या आणि आढ्याच्या दोन-तीन ओळींतली कौले तारेने बांधावीत. पत्रा असेल तर कडेला स्क्रू जवळजवळ घ्यावेत, तेही नागमोडीच्या उंचवट्यावर आणि रबरी चकतीसह. खोलगट भागात घेतलेला स्क्रू गळणारच.

जिल्ह्यात वर्षाला सरासरी 3000 मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो, आणि त्याचा मारा येतो तो मुख्यतः नैर्ऋत्येकडून. म्हणजे दक्षिणेची आणि पश्चिमेची भिंत सर्वांत जास्त सोसते. जुन्या घरांना त्या बाजूला पडवी असे, किंवा झावळ्यांची झापे लावीत. आता आपण सपाट भिंत ठेवतो आणि मग ओल येते म्हणून रंगवाल्याला बोल लावतो. छप्पर भिंतीबाहेर दोन-अडीच फूट काढावे. छज्जाच्या खालच्या अंगाला, कडेजवळ, बोटभर खाच ठेवायला सांगावे; पाणी तिथे तुटून खाली पडते, नाहीतर छज्जाच्या पोटाखालून सरपटत खिडकीत येते. खिडकीच्या पायथ्याला बाहेरच्या अंगाला उतार हवा. काँक्रीटचा खांब आणि विटांची भिंत जिथे भेटतात, तिथे गिलाव्याखाली जाळी ठोकून घ्यावी. तडा हमखास त्याच रेषेत जातो.

पैशाचे एवढेच, की करार लेखी असावा आणि रक्कम टप्प्याने द्यावी: जोते, पट्टा, छप्पर, गिलावा. सरकारी घरकुलाचा हप्ताही असाच काम पाहून मिळतो. गिलाव्याचे थोडे पैसे पहिल्या पावसापर्यंत हाती ठेवण्याचे आधीच ठरवून घ्यावे.

आणि तो पहिला मोठा पाऊस आला, की घरात बसून राहू नये. बॅटरी घेऊन प्रत्येक खोलीत फिरावे, छपराकडे, खिडक्यांच्या कोपऱ्यांकडे, खांबांच्या रेषांकडे पाहावे. जिथे ओल दिसेल तिथे कोळशाने खूण करून तारीख लिहावी. पाऊस उघडेपर्यंत ओल सुकते आणि जागा आठवत नाही. खुणा मात्र दिवाळीला गवंडी येईपर्यंत भिंतीवर राहतात.