चुकलेल्याला पुढचं वाक्य कोण सांगणार?

आज लालबागमध्ये बोलतो आहोत, तेव्हा विषयही इथलाच घेऊ. पण आधी जरा न्यूयॉर्कला जाऊन येऊ.

तिथे मॅनहॅटनमध्ये १९७१ साली केबल टीव्हीवर सामान्य नागरिकांसाठी वाहिन्या सुरू झाल्या. कोणीही यावं, वेळ मागावी, कार्यक्रम करावा. त्यावर १९७८ ते १९८२ मध्ये ग्लेन ओब्रायन यांचा 'टीव्ही पार्टी' चालायचा. पैसा बेताचा, सगळं थेट प्रक्षेपण, आवाजाचा गोंधळ, आणि प्रेक्षक फोन करून बिनधास्त टोमणे मारायचे. लोकांना तेच आवडायचं.

आपल्याकडे मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ला सुरू झालं. 'गजरा' लागला की चाळीतल्या एकुलत्या एका टीव्हीपुढे आम्ही दाटीवाटीने बसायचो. पण पडदा सरकारचा. आपण फक्त बघायचं.

मग गिरणगावाची स्वतःची वाहिनी कोणती? आमच्या मते लोकनाट्य आणि गणपतीच्या मंडपातलं स्टेज. नायगावच्या चाळीत वाढलेले दादा कोंडके सेवादलातून पुढे आले. 'विच्छा माझी पुरी करा' लिहिलं वसंत सबनीसांनी, पण वगात नटाला मोकळी जागा असते. आजची ताजी बातमीही त्यात शिरते.

मंडपातलं नाटक तर आणखी कच्चं. पाळी सुटल्यावर धावत आलेला राजा, एका बाजूने सुटलेली मिशी, विसरलेलं वाक्य. सगळे खो खो हसायचे, आणि त्यातलाच कोणीतरी खालून वाक्य सांगायचा!

इथे तत्त्वज्ञानाचा प्रश्न येतो. हॉब्ज म्हणतो, दुसऱ्याचा कमीपणा पाहून आपल्याला एकाएकी मोठं वाटतं, म्हणून आपण हसतो. मंडपातल्या हसण्याला हे लागू पडतं का? आम्हाला नाही वाटत. पुढच्या वर्षी मिशी आपल्याही ओठावर असणार, हे हसणाऱ्याला पक्कं ठाऊक असतं. जागा बदलता येते, म्हणून ते हसू बोचत नाही. बर्गसाँने १९०० सालच्या आपल्या ग्रंथात हसू हे नेहमी समूहाचं असतं असं म्हटलं, ते इथे जास्त पटतं.

१८ जानेवारी १९८२ला गिरण्यांचा संप सुरू झाला. पुढे गिरण्या गेल्या, टॉवर आले, शेजार विखुरला. आज प्रत्येकाच्या खिशात मोबाइल आहे, म्हणजे वाहिनी सगळ्यांना मिळाली. पण तिथे चुकलेल्यावर हसणारे हजार, आणि त्यांची नावंही आपल्याला माहीत नसतात. खालून वाक्य सांगणारा तो शेजारी मात्र त्यात दिसत नाही. त्याला परत कुठे शोधायचं, याचा विचार घरी जाताना जरूर करा.