पावणेदोनांतली वजाबाकी

मराठी बोलणाऱ्याच्या तोंडीं अपूर्णांकांची वजाबाकी नकळत बसलेली असते. 'पाऊण' हा शब्द संस्कृत 'पादोन' ह्यापासून आला. पाद म्हणजे चतुर्थांश आणि ऊन म्हणजे उणें. पावणेदोन म्हटलें कीं दोन वजा पाव ही क्रिया उच्चारांतच उरकते. असें असतां शाब्दिक उदाहरण पुढें आलें म्हणजे मुलें गोंधळतात, आणि तो गोंधळ बहुधा आंकड्यांपेक्षां वाचनांतच असतो.

एक साधें उदाहरण घ्यावें. सव्वापांच मीटर कापड आणलें. एका पडद्याला पावणेतीन मीटर लागलें. तर उरलें किती? पुष्कळ मुलें पांचांतून दोन वजा करून तीन लिहितात. पावांतून पाऊण जात नाहीं म्हणून उलट पाऊणांतून पाव काढतात, आणि उत्तर साडेतीन देतात. खरें उत्तर अडीच आहे. ह्या एका उलटापालटीनें घरांत नसलेलें एक मीटर कापड कागदावर निर्माण होतें, आणि त्याच्या भरंवशावर दुसरा पडदा बेतला तर तो आंखूड पडल्यावांचून राहत नाहीं.

बरोबर रीत अशी. ५ १/४ मधील एका पूर्णाचे चार पाव करावे, म्हणजे ४ ५/४ होतात. त्यांतून २ ३/४ वजा केले असतां २ २/४, म्हणजेच २ १/२ उरतात. हेंच तोंडीं करावयाचें तर चढत जावें: पावणेतीनापासून तीनापर्यंत पाव, तेथून सव्वापांचापर्यंत सव्वादोन, मिळून अडीच. छेद भिन्न असतील तर मात्र प्रथम समच्छेद करणें अवश्य आहे.

दुसरी अडचण शब्दांची. साडेचार मीटर कापडांतून 'एक तृतीयांश मीटर' कापलें तर ४ १/६ मीटर उरतें. पण 'एक तृतीयांश कापड' कापलें तर तीनच मीटर उरतें. अपूर्णांक एकच, परंतु तो कशाचा, हें न पाहिल्यास सारें गणित फसतें.

भास्कराचार्यांनीं ११५० सालीं रचलेल्या 'लीलावती'तील कमळांचें उदाहरण हीच दृष्टि शिकवितें. कमळांच्या राशीचा तृतीयांश शंकराला, पंचमांश विष्णूला, षष्ठांश सूर्याला व चतुर्थांश देवीला वाहिला. उरलेलीं ६ कमळें गुरूंना दिलीं. तर एकंदर कमळें किती? येथें प्रत्येक भाग मूळ राशीचाच आहे. चारी भागांची बेरीज ५७/६०. ती एकांतून वजा केली असतां ३/६०, म्हणजे १/२० उरतो. विसावा भाग ६, म्हणून राशि १२० कमळांची.

सारांश, लेखणी उचलण्यापूर्वीं मुलानें दोन गोष्टी ठरवाव्या: अपूर्णांक कशाचा आहे, आणि कशांतून काय जावयाचें आहे. शेवटीं बाकी आणि वजा केलेली रक्कम मिळवून पाहावी. मूळ संख्या परत आली तर उत्तर निःशंक बरोबर समजावें.