एका गुंठ्याला तार किती?

“आमचा प्लॉट एक गुंठ्याचा आहे, कुंपणाला तार किती लागेल?” या प्रश्नाला उत्तरच नाही. गुंठा म्हणजे १०८९ चौरस फूट. तुकडा ३३ बाय ३३ असेल, तर कडेकडेने एक फेरी १३२ फुटांची होते. रस्त्याला ११ फूट आणि आत ९९ फूट अशी चिंचोळी पट्टी असेल, तर गुंठा तोच, पण फेरी २२० फुटांची. तारेचे चार पदर ओढायचे म्हटले, तर पहिल्याला ५२८ फूट लागते, दुसऱ्याला ८८०. खांबही जास्तच.

क्षेत्रफळ सारखे तर परिमितीही सारखी, हा सगळ्यांत चिवट गैरसमज. त्याची उलटी बाजूही तितकीच चिवट: घेर मोठा, म्हणजे जागा मोठी. इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातला ग्रीक इतिहासकार पॉलिबियस याच चुकीवर वैतागला होता. मेगॅलोपोलिस शहराचा घेर ५० स्टेडिया, स्पार्टाचा ४८. तरीही स्पार्टा दुप्पट मोठे, हे लोकांना पटत नाही, कारण लहानपणी शिकलेली भूमिती ते विसरतात, असे त्याने लिहून ठेवले आहे. पाचवीतल्या पोरावर डाफरण्याआधी हे आठवावे.

मुलांची चूक बहुधा वेगळीच असते. कबड्डीच्या मैदानाची आकृती, त्यावर १३ मी आणि १० मी एवढेच लिहिलेले. उत्तर येते २३. दिसले ते आकडे मिळवले! पण फक्की मारणारा दोन बाजू मारून घरी जात नाही. समोरच्या दोन बाजूंवर आकडा नसला, तरी रेघ आहेच. परिमिती ४६ मीटर.

आता एक कागद घ्या, २० सेंमी लांब, १५ सेंमी रुंद. परिमिती ७०. कोपऱ्यातून ५ सेंमीचा चौरस कापून टाका. कागद कमी झाला, मग परिमितीही कमी झाली असणार, असे कुणीही म्हणेल. कडेवरून बोट फिरवून पाहा: ५ आणि ५ गेले, आत ५ आणि ५ आले. परिमिती ७०च. तोच चौरस कोपऱ्याऐवजी बाजूच्या मधून कापला असता, तर ५ जाऊन १५ आले असते आणि परिमिती चक्क ८० झाली असती. कोपरा तिरका छाटला तर मात्र ती घटते; तिरकी वाट जवळची, हे पायवाट पाडणाऱ्यांना कुणी शिकवावे लागत नाही.

जोडतानाही असेच फसायला होते. ३३ फुटी दोन गुंठे शेजारी-शेजारी, दोघा भावांनी मिळून कुंपण घालायचे ठरवले. १३२ अधिक १३२, म्हणजे २६४? नाही, १९८. मधला बांध आता आत गेला, आणि तो दोन्हीकडून धरला होता, म्हणून ६६ वजा. (भावांचे पटत असेल तरच हे गणित.)

राहिले अर्धवर्तुळ. कंपासपेटीतला कोनमापक घ्या, त्रिज्या ७ सेंमी समजा. पाय २२/७ धरून वर्तुळाचा परीघ ४४, त्याचा अर्धा २२, असे उत्तर लिहून पोरे मोकळी होतात. खालची सरळ पट्टी कोण मोजणार? ती १४ सेंमीची आहे. परिमिती ३६ सेंमी. आणि हो, चौरस सेंमी नव्हे.