ताश्कंदमध्ये मान वर करून चाला

सोव्हिएत वास्तुकला म्हणजे राखाडी ठोकळे, असं अनेकांना वाटतं. ताश्कंदमध्ये स्थानिक गाईडबरोबर पायी हिंडताना मला मात्र रंगच रंग दिसले!

२६ एप्रिल १९६६ च्या पहाटेच्या भूकंपात जुन्या शहराचा मोठा भाग कोसळला. पुनर्बांधणीसाठी सोव्हिएत संघातल्या सगळ्या प्रजासत्ताकांतून कामगार आले. इमारती कारखान्यात ओतलेल्या काँक्रीटच्या तयार भिंती जोडून झटपट उभ्या केल्या. पण त्यांच्या खिडक्या नसलेल्या बाजूंवर कलाकार झार्स्की बंधूंनी प्रचंड मोझाइक चित्रं केली. गाईडसोबत जायचं ते यासाठीच. ही चित्रं साध्या वस्त्यांत आहेत, एकट्याला सापडत नाहीत.

हॉटेल उझबेकिस्तान (१९७४) जरूर पाहा. दर्शनी भागावरची काँक्रीटची जाळी नुसती शोभेची नाही, ती मध्य आशियातलं कडक ऊन अडवते.

माझं सर्वांत लाडकं ठिकाण म्हणजे मेट्रोचं ‘कोस्मोनावतलार’ स्टेशन. भिंती निळ्यापासून काळ्याकडे गडद होत जातात आणि त्यावर गागारिन, तेरेश्कोवा, शिवाय पंधराव्या शतकातला खगोलशास्त्रज्ञ उलुगबेग! २०१८ पर्यंत या मेट्रोत फोटो काढायला बंदी होती. आता मनसोक्त काढा.

भारतीयांनी लालबहादूर शास्त्रींच्या पुतळ्यापाशीही जावं. भूकंपाच्या काही महिने आधी, ११ जानेवारी १९६६ रोजी, त्यांचं याच शहरात निधन झालं.

मेट्रोसाठी वेगळा अर्धा दिवस ठेवा, घाई करू नका. मार्ग, गाईड, चालण्याचं अंतर, काहीही विचारायचं असेल तर कमेंटमध्ये लिहा, मी नक्की उत्तर देईन.