कडकनाथ : रंग आणि वाण

मध्य प्रदेशाच्या पश्चिम टोकाचे झाबुआ, अलिराजपूर व धार हे जिल्हे कडकनाथ कोंबडीचे माहेरघर. भिल्ल व भिलाला कुटुंबांनी हा वाण परसात पिढ्यान्‌पिढ्या सांभाळला. तेथे तिला 'कालामासी', म्हणजे काळ्या मांसाची, असेही म्हणतात. पिसांवर कधी रुपेरी, कधी सोनेरी छटा असते; पण कातडी, मांस, हाडेसुद्धा काळसर. अंडे मात्र फिकट तपकिरी.

हा रंग मेलॅनिनचा. गुणसूत्राचा काही भाग दुणावल्यामुळे रंगपेशी शरीरभर पसरतात. चीनची सिल्की व इंडोनेशियाची अयाम चेमानी यांतही हाच फेरबदल आढळतो. हे लक्षण प्रभावी असल्याने संकरित पिल्लेही काळी निपजू शकतात. तेव्हा केवळ रंगावरून वाणाची पारख करू नये, असे मला वाटते.

कडकनाथ सावकाश वाढते, अंडी बेताची देते आणि खुडूकही क्वचितच बसते; पिल्ले काढायला बहुधा दुसरी कोंबडी लागते. बाजाराला इतका धीर नसतो. तेथेच संकराचा मोह होतो.

२०१८ साली झाबुआच्या कडकनाथ मांसाला भौगोलिक मानांकन मिळाले. पुढच्याच वर्षी आपल्या सांगली-कोल्हापूरकडे कडकनाथच्या नावावर पैसे गुंतवलेले अनेक शेतकरी फसले. नावाला भाव आला म्हणून वाण तरतोच असे नाही. माझे म्हणणे एवढेच, की अस्सल कोंबडे-कोंबड्या निराळ्या राखणाऱ्या आदिवासी घराला त्या भावातला वाटा मिळाला, तरच हा वाण टिकेल.